मनीऑर्डरच्या खालची दोन बोटं जागा

नमस्कार मंडळी. ग्रंथालयाने मला गिरणी कामगारांचा इतिहास असा विषय दिलाय, आणि आपण बसलोय कणकवलीत, लालबागला नाही, म्हणून मी सुरुवात पोस्टमनपासून करतो.

मनीऑर्डरचा फॉर्म ज्यांनी बघितलाय त्यांना आठवेल, खाली एक कूपन असायचं, पैसे हातात दिले की पोस्टमन ते फाडून द्यायचा, त्यावर मजकुराला जेमतेम दोन बोटं जागा. आमचे बाबा मुंबईत गिरणीच्या सूतखात्यात, आई इथे गावात. पत्राला वेगळे पैसे पडतात म्हणून सगळा संसार त्या दोन बोटांत चालायचा. आईने ती कूपनं सुतळीत ओवून ठेवली होती, तिच्या मागे ती माझ्याकडे आली, ही बघा. एकावर लिहिलंय, 'तब्येत बरी. पावसाच्या आत घर शाकारून घेणे.' दुसऱ्यावर, 'दहा दिवसच बदली मिळाली. कमी पाठवतो.' अक्षर बाबांचं नाही, बाबांना सहीपुरतंच लिहिता यायचं, खोलीतला शाळा शिकलेला कोणीतरी पोरगा लिहून द्यायचा.

आता ही 'बदली' म्हणजे काय ते तरुण मुलांना सांगायला हवं. बदली कामगार म्हणजे कायम नसलेला. पाळी सुरू व्हायच्या आधी गेटवर जाऊन उभं राहायचं, कायम माणसाने खाडा केला तर त्याच्या जागी आत घ्यायचे, नाही घेतलं तर आल्या वाटेने परत. आणि कोणाला घ्यायचं हे पूर्वी जॉबरच्या, म्हणजे खात्यातल्या मुकादमाच्या हातात, त्यामुळे त्याला खूष ठेवणं आलं. माणसं वर्षानुवर्षं बदलीवर काढायची हो, आणि त्या काळात जो रोज बुडायचा त्याची भरपाई कुठून व्हायची, तर इथून. इथल्या भातातून, नाचणीतून. आज मला मुख्य हेच बोलायचंय.

आपण नेहमी ऐकतो की मुंबईच्या पैशावर कोकण जगलं. खरंय, मनीऑर्डर आली नाही तर दुकानदाराकडे तोंड दाखवायची सोय नसायची. पण गिरणीने पगार दिला तो एकट्या गड्याचा. त्याची बायको, पोरं, म्हातारे आईबाप, तो आजारी पडला तर त्याचं अंथरूण, नोकरी सुटली की त्याचं म्हातारपण, हा सगळा खर्च गिरणीच्या हिशोबात कधी धरलाच नाही. तो कोकणातल्या बायकांनी नांगराच्या मागे चालून भरला. माझं म्हणणं असं आहे की मुंबईच्या कापड धंद्याला सगळ्यात मोठं भांडवल कोकणाने पुरवलं आणि त्याचा एक शेअर कोणाच्या नावावर नाही.

धंदा कसा उभा राहिला ते थोडक्यात सांगतो. कावसजी नानाभाई दावर यांनी १८५४ साली कंपनी काढली आणि १८५६ पासून ताडदेवला पहिली गिरणी चालू झाली. पुढे अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, १८६१ ते १८६५, तिकडचा कापूस विलायतेला मिळेना तेव्हा आपल्या कापसाला सोन्याचा भाव आला आणि मुंबईत पैसा आला, त्यातला बराच नंतर गिरण्यांत गेला. माणसं कुठून आणायची हा प्रश्न मालकांना फार पडला नाही. कोकणात जमीन थोडी, डोंगरउताराची, त्यात वर खोत, म्हणजे गावाचा सारा वसूल करणारा वतनदार, बसलेला, आणि समुद्र दाराशी. १९११ च्या जनगणनेत मुंबईच्या गिरण्यांतले जवळपास निम्मे कामगार रत्नागिरी जिल्ह्यात जन्मलेले होते, आणि तेव्हाचा रत्नागिरी म्हणजे आपला सिंधुदुर्गही त्यातच, आपण वेगळे झालो ते १९८१ ला.

खोती सहज बोलून सोडण्यासारखी नाही. बाबासाहेब आंबेडकरांनी १९३७ साली खोती रद्द करायचं बिल विधिमंडळात मांडलं, १९३८ च्या जानेवारीत कोकणातल्या शेतकऱ्यांचा मोर्चा मुंबईत कौन्सिल हॉलवर गेला, तरी कायदा व्हायला १९४९ उजाडलं. म्हणजे शंभरेक वर्षं इथला माणूस घरी खोताला देत होता आणि मुंबईत जॉबरला.

आणि गिरणीत गेल्यावर जात सुटली असं कोणी समजू नये. विणकाम खात्यात पगार जास्त, पण तिथे दलित कामगारांना घेत नसत. कारण काय, तर मागावर आडवं सूत नेणाऱ्या धोट्यातली बाबीण, म्हणजे सुताची कांडी, बदलली की सुताचं टोक तोंडाने ओढून घ्यावं लागायचं, आणि त्यांनी तोंड लावलेल्या धोट्याला आम्ही तोंड लावणार नाही असं बाकीचे कामगार म्हणायचे. १९२८ च्या मोठ्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न पुढाऱ्यांसमोर ठेवला. तो संप सहा महिने चालला, दोनऐवजी तीन साचे, म्हणजे माग, एका माणसाने चालवायचे या सक्तीविरुद्धची लढाई होती ती, गिरणी कामगार युनियन म्हणजे लाल बावटा त्यातूनच उभा राहिला. एवढी एकजूट होती पण धोट्याच्या बाबतीत नव्हती, आणि हे बोलल्याशिवाय आपला इतिहास पुरा होत नाही.

माणसं मुंबईत राहायची कशी तर गावच्या खोलीत. एका खोलीत वीस-पंचवीस गडी, सगळे एकाच गावचे, पाळी वेगवेगळी म्हणून सगळे एका वेळी झोपत नसत, दिवसपाळीवाला उठला की रात्रपाळीवाला त्याच जागेवर आडवा. प्रत्येकाची एक ट्रंक आणि एक खिळा, बस्स. जेवण खानावळीत, त्या खानावळी चालवणाऱ्या बऱ्याचशा कामगारांच्याच बायका. त्याच बायकांना घेऊन प्रेमा पुरव यांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळ काढलं, कारण त्यांना सावकार सोडून कर्ज द्यायला कोणी तयार नव्हतं.

गावाला यायचं तर भाऊच्या धक्क्यावरून बोट, देवगड-विजयदुर्गला बोट बाहेर उभी राहणार, मग पडावात उतरून किनाऱ्याला. पावसात बोट बंद. मुंबईत काही अरिष्ट आलं की सगळे इकडेच यायचे. १८९६ ला प्लेग आला तेव्हा एवढी माणसं गावाला निघून गेली की गिरण्यांना कामगार मिळेना, मालकांवर रोजच्या रोज रोजंदारी द्यायची वेळ आली. गाव पाठीशी होतं म्हणून कामगाराला 'नाही' म्हणता आलं, प्रत्येक संपात हेच झालंय.

शेवटचा संप १८ जानेवारी १९८२. अडीच लाखांच्या आसपास कामगार, आणि पुढारी डॉक्टर दत्ता सामंत, आपल्या मालवणजवळच्या देवबागचे. पगारवाढ हवी होती, बदलीवाल्यांना कायम करा ही मागणी होती, आणि एकाच मान्यताप्राप्त युनियनला बोलायचा हक्क देणारा १९४६ चा कायदा नको होता. त्या महिन्याचं कूपन हे बघा, गड्डीतलं सगळ्यात वरचं. 'संप होणार. भात विकू नये.'

एवढंच आहे. त्यानंतर कूपन नाही. फेब्रुवारीत बाबा ट्रंक घेऊन आले, आणि चैत्रात आईने अर्धं पोतं तांदूळ एसटीच्या टपावर चढवून मुंबईला पाठवलं, खोलीत मागे राहिलेल्यांसाठी. मी वर चढून ते बांधलं होतं. आयुष्यभर तिकडून इकडे आलेली मनीऑर्डर त्या वर्षी उलटी गेली.

संप रीतसर मागे कधी घेतलाच नाही, तो विरत गेला. माल भिवंडीच्या यंत्रमागांवर निघू लागला, १९८३ ला सरकारने तेरा गिरण्या ताब्यात घेतल्या, पुढे मुंबईतल्या बांधकामाच्या १९९१ च्या नियमावलीने गिरण्यांच्या जमिनी विकायची वाट मोकळी केली. बाबांना त्यांच्या गिरणीने परत घेतलं नाही, ग्रॅच्युइटीसाठी चार हेलपाटे घातले, शेवटपर्यंत मिळाली नाही. ते कधी रागाने बोलले नाहीत. मला मात्र अजून राग येतो.

घरांचं सांगतो आणि थांबतो, कारण इथे बसलेल्या बऱ्याच जणांचा अर्ज पडून आहे. म्हाडाची गिरणी कामगारांसाठी पहिली सोडत २०१२ ला निघाली, अर्ज पावणेदोन लाखांच्या घरात आणि घरं त्या मानाने फारच थोडी. कागदपत्रांवाचून कोणाचं अडायला नको. गिरणीचं तिकीट, पगाराची स्लिप, फंडाची चिठ्ठी, ईएसआयचं कार्ड, जे असेल ते. माळ्यावरची ट्रंक उतरवा, तळाला अंथरलेला कागदसुद्धा काढून बघा. पुढच्या रविवारी सकाळी दहा ते एक मी इथेच खिडकीजवळच्या टेबलावर बसणार आहे, आणलेल्या प्रत्येक कागदाची प्रत काढून मूळ कागद लगेच परत देऊ. आणि काकींनो, तुमच्याकडे कूपनं असतील तर तीही आणा, त्यांनी घर मिळणार नाही, पण ती मला वाचायचीत.