मी कुठल्या कुपनवर जेवू?

(न्यू जर्सीतल्या मंडळाच्या संक्रांत मेळाव्यात केलेलं भाषण. संकेतस्थळासाठी थोडी काटछाट केली आहे.)

नमस्कार मंडळी. तिळगूळ घ्या, गोड बोला. मी आज पूर्ण वेळ गोडच बोलेन असं मात्र समजू नका.

समितीने सांगितलं होतं, काहीतरी हलकंफुलकं बोला. मीही तेच ठरवलं होतं. १९९६ साली नेवार्क विमानतळावर कस्टमवाल्याने माझ्या गोडा मसाल्याची पिशवी हुंगली, तो किस्सा. इथल्या निम्म्या लोकांनी तो पंधरा वेळा ऐकलाय आणि उरलेल्या निम्म्यांनी जेवणाच्या रांगेत असल्यामुळे एकदाही नाही. पण दिवाळीपासून एक वाक्य डोक्यातून जात नाहीये, म्हणून मसाला आज राहू द्या.

दिवाळीच्या कार्यक्रमाला, याच जिममध्ये, दाराशी कुपनांचं टेबल माझ्याकडे होतं. निळं कुपन मोठ्यांचं, गुलाबी दहा वर्षांखालच्यांचं. यादीत कुटुंबाच्या नावापुढे खूण करायची, डोकी मोजायची, कुपनं फाडायची. एक मुलगा समोर आला. आठेक वर्षांचा, झब्ब्यावर जाडजूड जॅकेट, हातात कुणाचा तरी आकाशकंदील. म्हणाला, ‘काका, आमच्या दोन फॅमिली आहेत. मी कुठल्या कुपनवर जेवू?’

मी यादीत पाहिलं. मागच्या वर्षी त्या आडनावाची एक ओळ होती, कुटुंब सदस्यत्व. या वर्षी दोन ओळी. बाबांचं एकेरी सदस्यत्व, आईचं एकेरी सदस्यत्व. आणि हा? हा कुठल्याच ओळीत नाही, कारण एकेरी सदस्यत्वात मूल बसत नाही. हा नियम मीच केलाय बरं का. २०११ साली, एक्सेलच्या शीटमध्ये, फार हुशारी केली असं वाटून.

मी गडबडलो. मागे रांग, वड्यांचा वास, कुणीतरी ‘अहो, हलवा की पुढे’ म्हणतंय. मी पटकन दोन गुलाबी कुपनं फाडली आणि त्याच्या हातात कोंबली. त्याने दोन्ही पाहिली, एक मला परत दिलं आणि म्हणाला, ‘मी एकदाच जेवतो.’

ते परत आलेलं कुपन अजून माझ्या पाकिटात आहे.

आता तुम्ही आजूबाजूला बघायला लागलात. बघू नका. तुम्हाला जो वाटतोय तो हा मुलगा नाही, एवढे बदल मी केलेत. आणि बोलण्याआधी त्याच्या आईला आणि बाबांना वेगवेगळा फोन करून विचारलंय. दोघंही म्हणाले, बोला. बऱ्याच दिवसांनी त्यांचं कशावर तरी एकमत झालं म्हणे, तेवढंच माझं समाजकार्य.

त्या रात्री घरी गेल्यावर मी बायकोला हे सगळं सांगितलं. मी डिशवॉशर लावत होतो, म्हणजे मी लावत होतो आणि ती मी लावलेलं काढून पुन्हा लावत होती. आमच्याकडे गेली वीस वर्षं डिशवॉशर दोनदा लागतो. मी नेहमीसारखं बोलून गेलो, ‘आजकालच्या मुलांना सहनशक्तीच नाही गं. आपलं बघ, तीस वर्षं झाली.’

तिने हातातली ताटली ओट्यावर ठेवली. म्हणाली, ‘त्या तिसातली पहिली सहा मोजू नकोस. तेव्हा मी राहिले नव्हते, अडकले होते.’

लग्नात ती मला अहो म्हणायची. विमानात बसल्यावर त्याचं अरे झालं, ते बरंच झालं. पण हे असलं कधी बोलली नव्हती.

मग ती बोलत राहिली. बँकेतली नोकरी सोडून ती इथे आली, ती जानेवारीतच. एच-४ व्हिसा, म्हणजे माझ्या नोकरीच्या व्हिसामागे बायकोला मिळतो तो. नोकरी करता येत नाही, सोशल सिक्युरिटी नंबर नाही, गाडी येत नाही, आणि गाडी नाही तर न्यू जर्सीत माणूस जाणार कुठे? मी सकाळी सातला बाहेर, रात्री आठला घरात. तिने सांगितलं की आठवड्यातून दोनदा ती तळमजल्यावरच्या लाँड्रीत जायची, क्वार्टरची नाणी मुठीत घेऊन. कपडे एकदाच्या धुण्याचे असायचे, पण ती ते मुद्दाम दोन वाऱ्या करून न्यायची, कारण तिथे कुणीतरी ‘हाय’ म्हणायचं. रविवारी फोनकार्डावर आईशी बोलणं. कशी आहेस? मजेत. तेवढ्यात ती कार्डातली बाई सांगायची, एक मिनिट राहिलं.

‘नव्व्याण्णवच्या फेब्रुवारीत मी बॅग भरली होती,’ ती म्हणाली. ‘एकच, तीही अर्धी. पण पासपोर्ट तू कुठे ठेवला होतास ते तुलाच विचारावं लागलं असतं. म्हणून राहिले.’

मंडळी, हाच काळ मी याच व्यासपीठावरून ‘एका खोलीतला आमचा सुखाचा संसार’ म्हणून किती वेळा सांगितलाय! तुम्ही टाळ्यासुद्धा वाजवल्यात.

आता तुम्ही म्हणाल, ते दिवस गेले. गेले, थोडेफार. २६ मे २०१५ पासून एच-४ वरच्या काही जणींना, काही जणांनाही, काम करायचा परवाना मिळतो. तोही जोडीदाराचा ग्रीन कार्डाचा अर्ज एका टप्प्यापलीकडे गेला असेल तरच. आणि आपल्याकडच्या गप्पांत, विशेषतः दुसऱ्या चहानंतर, हमखास ऐकू येतं की मुली कमवायला लागल्या म्हणून संसार मोडायला लागले. मीही हे म्हटलंय. आता तोंडातून निघत नाही. आमच्या घरी बॅग भरली गेली तेव्हा ती एक पैसा कमवत नव्हती. संसार मोडायची कारणं तेव्हाही घरात होती, फक्त पासपोर्ट माझ्या ड्रॉवरमध्ये होता.

मग मोडतं कशाने? मी काही समुपदेशक नाही, निवृत्तीला टेकलेला प्रोग्रॅमर आहे. पण तीस वर्षं या मंडळाच्या सदस्यांची यादी सांभाळली आहे, आणि यादीतली एक ओळ दोन होताना दिसते.

पैशावरून मोडतं, पण पैसे कमी म्हणून क्वचितच. बाणेरला फ्लॅट घेतला, भावाच्या नावावर, हप्ता इथून जातो, आणि बायकोला ते चार वर्षांनी नणंदेच्या तोंडून कळतं. ‘सांगायचं राहून गेलं.’ हे राहून जाणं फार महागात पडतं.

आईवडील येतात. सहा महिने, कारण विमानतळावर बहुधा सहा महिन्यांची मुदत मिळते आणि तिकीट एवढं महाग काढलंय तर कोण दोन महिन्यांत जाईल? त्यांचीही दया येते. पुण्यात सकाळी फिरायला जाणारे, कट्ट्यावर बसणारे, इथे खिडकीतून बर्फ बघतात. कंटाळलेलं माणूस घरातलं सगळं मोजायला लागतं. पोळ्या किती केल्या, फ्रिजमध्ये काय शिळं आहे, मुलगा भांडी का घासतोय. अशा वेळी नवऱ्याने मध्ये उभं राहायचं असतं. मी काय केलं? बेसमेंटमध्ये गेलो. आमचं बेसमेंट पूर्ण बांधून झालं ते माझ्या आईच्या दोन मुक्कामांत. सुंदर झालंय, कधी या.

लेऑफचं आपण बोलतच नाही. नोकरी गेली की एच-१बी वाल्याला, म्हणजे नोकरीच्या व्हिसावर आलेल्याला, जास्तीत जास्त साठ दिवस. त्या साठ दिवसांत दुसरी नोकरी, नाहीतर दुसरा व्हिसा, नाहीतर परतीचं तिकीट. मुलाची शाळा, घराचा करार, सगळं त्या साठात. चांगली जमलेली जोडपी मी त्या दिवसांत एकमेकांवर फिस्कारताना पाहिली आहेत. नोकरी मिळते, पण तेव्हा जे बोलून झालेलं असतं ते कुठे जातं?

आणि बोलण्यावरून आठवलं. सिएटलला जॉन गॉटमन नावाचे एक मानसशास्त्रज्ञ आहेत. जोडप्यांना प्रयोगशाळेत बसवून, त्यांची भांडणं चित्रित करून त्यांनी वर्षानुवर्षं अभ्यास केला. त्यांना आढळलं की नातं तुटण्याची सगळ्यात मोठी खूण म्हणजे जोडीदाराला तुच्छ लेखणं. डोळे फिरवणं, टिंगल, पाणउतारा. वाचल्यावर पहिला विचार मनात आला, बापरे, हे तर आपलं टोमणे मारणं! त्यात तर आपली घराणी आहेत. चार माणसांत ‘हिला काय कळतंय’ म्हणायचं आणि वर ‘गंमत करतोय हो’. ‘आमच्या ह्यांना खिळा ठोकता येत नाही’ म्हणायचं आणि सगळ्यांनी हसायचं. मघाशी मी डिशवॉशरचा विनोद केला तेव्हा तुम्ही हसलात. ती तिसऱ्या रांगेत बसली आहे, ती हसली का ते मी अजून पाहिलेलं नाही.

मारहाणीचं मात्र या यादीत घालत नाही. तिथे ‘कारणं’ शोधत बसायचं नसतं, बाहेर पडायचं असतं. आपल्याच राज्यात मानवी ही संस्था १९८५ पासून दक्षिण आशियाई बायकांसाठी हे काम करते आहे. त्यांचा नंबर बायकांच्या स्वच्छतागृहात दाराच्या आतल्या बाजूला लावायचा ठराव आपल्या समितीत तीनदा आला आणि तीनदा ‘सणासुदीला कशाला’ म्हणून मागे पडला. त्यातल्या एकदा ‘कशाला’ म्हणणारा मी होतो.

काही जण म्हणतील, हे सगळं इथलं पाणी लागल्याचे परिणाम, आपल्यात हे नव्हतं. नव्हतं कसं? काडीमोड हा शब्द काय आपण अमेरिकेत शिकलो? सोडचिठ्ठी, फारकत हे शब्द आपल्या आज्यांना ठाऊक होते. गावोगाव कितीतरी समाजांत काडी मोडून मोकळं व्हायची आणि पुन्हा पाट लावायची रीत होती. नव्हती ती आमच्यासारख्या पांढरपेशांच्या घरात, आणि आम्ही आमच्या घरालाच संस्कृती म्हणत आलो. बडोद्यात सयाजीरावांच्या राज्यात १९३१ ला हिंदूंसाठी घटस्फोटाचा कायदा झाला, मुंबई प्रांतात १९४७ ला, देशभर १९५५ ला. आणि त्याच्या कितीतरी आधी, १८८७ साली, मुंबईच्या कोर्टाने रखमाबाईंना सांगितलं की नवऱ्याकडे नांदायला जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. अकराव्या वर्षी लावलेलं लग्न. त्या म्हणाल्या, तुरुंगात जाईन. पुढे तडजोड झाली, त्या लंडनला जाऊन डॉक्टर होऊन आल्या. आपल्या मंडळात त्यांच्यावर एकपात्री झालंय, उभं राहून टाळ्या दिल्यात आपण. रखमाबाई आज इथे राहत असत्या तर आपण त्यांना कुठल्या टेबलावर बसवलं असतं?

कायद्याचं थोडक्यात, कारण फोन येतात. न्यू जर्सीत २००७ पासून, सहा महिने पटत नाहीये आणि पटण्याची आशा नाही एवढं कारण पुरतं, कुणी कुणावर चिखल फेकायची गरज नाही. पण लग्न पुण्यात झालेलं, हिंदू विवाह कायद्याखाली, तिथे ‘पटत नाही’ हे एकट्याने सांगायचं कारण नाही. दोघांची संमती असेल तर वाट आहे, नाहीतर इथला कागद तिथे चालेलच असं नाही. म्हणून इथे एक वकील, शिवाजीनगरला एक वकील, आणि मध्ये मूल. निर्णय घेण्याआधी दोन्हीकडचं जाणणाऱ्या वकिलाला भेटा, मला नका विचारू. मला एकेरी सदस्यत्वात मूल बसवता आलं नाही.

तो नियम बदलायचा प्रस्ताव मी मागच्या महिन्यात समितीपुढे ठेवला. पाऊण तास चर्चा झाली. मूल दोघांच्या ओळीत घातलं तर दोन कुपनं जातील, मग जेवणाचा हिशोब कसा लावायचा? मी म्हटलं, तो एकदाच जेवतो. कुणाला काही कळलं नाही. विषय पुढच्या बैठकीवर गेलाय.

मी घरी बायकोला विचारलं, आता तर व्हिसा नाही, पासपोर्ट अमेरिकेचा, तो तुझ्याच कपाटात, गाडी तुझी माझ्यापेक्षा नवी. मग का आहेस? मला वाटलं, हसून काहीतरी म्हणेल. ती म्हणाली, ‘विचार करून सांगते.’ त्याला आता नऊ आठवडे झाले. घरात सगळं व्यवस्थित आहे. डिशवॉशर मी हल्ली तिला विचारून लावतो.

आज तो मुलगा आलेला नाही. हा वीकेंड आईचा असतो, म्हणून मी बुधवारी तिला फोन केला, येताय ना तुम्ही दोघं? थोडा वेळ ती काही बोलली नाही. मग म्हणाली, ‘त्या दिवशी बायकांचं हळदीकुंकू पण आहे ना, दादा?’

मी म्हटलं, अगं ते सगळ्यांसाठी असतं.

ती म्हणाली, ‘असं कोण म्हणालं?’

मी नाव आठवायला लागलो.