माइनक्राफ्ट विकत घेतलं होतं, ते गेलं कुठे?

(दृश्य: काळोखी खोली, जुना लॅपटॉप सुरू होतो. लाँचर उघडतो. खेळायच्या बटणाच्या जागी ‘डेमो’.)

निवेदन:
ईमेल बरोबर आहे. पासवर्डही चालला. तरी लाँचर, म्हणजे गेम सुरू करणारा प्रोग्राम, म्हणतो, डेमो खेळा, नाहीतर गेम विकत घ्या.

पैसे भरून दहा-बारा वर्षं झाली. मध्ये कॉम्प्युटर बदलला, ईमेल बदलला, मुळात गेमचा मालकही बदलला. इथे बहुतेक जण पुन्हापुन्हा पासवर्ड बदलत बसतात. पण पासवर्ड चालला याचा अर्थ एवढाच, की एक खातं उघडलं. ज्या खात्यावर खरेदी नोंदली आहे तेच ते, असं नाही.

(दृश्य: पडद्यावर वर्षं सरकतात. २००९, २०१२, २०१४, २०२०.)

निवेदन:
माइनक्राफ्ट मे २००९ मध्ये लोकांसमोर आलं. त्याच वर्षी जूनपासून अर्धवट तयार असलेला हा गेम ९.९५ युरोला विकला जाऊ लागला. तेव्हाच्या खात्याला एक नाव आणि एक पासवर्ड होता. लॉगिनही नावानेच व्हायचं. २०१२ मध्ये गेम बनवणाऱ्या मोजांग कंपनीने ईमेलवर चालणारी खाती आणली आणि आधीची खाती ‘लेगसी’ ठरली. सप्टेंबर २०१४ मध्ये मायक्रोसॉफ्टने मोजांग अडीच अब्ज डॉलरला घ्यायचं जाहीर केलं. मग ऑक्टोबर २०२० मध्ये घोषणा झाली की सगळी मोजांग खाती मायक्रोसॉफ्ट खात्यांवर न्यावी लागतील.

मार्च २०२२ पासून मोजांग खात्याने खेळता येईना. स्थलांतराची जाहीर मुदत १९ सप्टेंबर २०२३ ला संपली. त्यानंतर थोडी सवलत मिळाली आणि डिसेंबर २०२३ मध्ये दार कायमचं बंद झालं.

म्हणून सगळ्यात आधी एकाच प्रश्नाचं उत्तर शोधायचं. त्या मुदतीत तुमचं खातं हलवलं होतं की नव्हतं? बाकी सगळं यावरून ठरतं.

(दृश्य: जुना मेलबॉक्स. शोधाच्या चौकटीत शब्द टाइप होतात.)

निवेदन:
शोध पैशांच्या बाजूने सुरू करा. पैसे कशाने भरले, पावती कोणत्या ईमेलवर आली, तो ईमेल कोणत्या खात्याला जोडला होता, या क्रमाने मागे जायचं. जुन्या मेलबॉक्समध्ये मोजांग, माइनक्राफ्ट, ट्रान्झॅक्शन हे शब्द इंग्रजीत शोधा. स्पॅम आणि अर्काइव्हही बघा. गेम भेट म्हणून मिळाला असेल तर पावती भेट देणाऱ्याच्या मेलबॉक्समध्ये असेल, तुमच्या नाही. ही साधी गोष्ट फार जणांच्या लक्षात येत नाही.

पावतीवरचा ट्रान्झॅक्शन आयडी, म्हणजे अक्षरं आणि आकडे मिसळलेला लांबलचक क्रमांक, हा खरेदीचा खरा पुरावा. गेममधलं नाव पुरावा ठरत नाही, कारण २०१५ पासून ते बदलता येतं आणि कुणालाही दिसतं. बँकेच्या विवरणातली नोंद तारीख सांगते, पण ट्रान्झॅक्शन आयडीची जागा घेत नाही. दुकानातून आणलेलं गिफ्ट कार्ड असेल तर त्यावरचा खरवडलेला कोड जपून ठेवा.

मेलबॉक्सच उघडत नसेल तर आधी तो सोडवा. आणि वेळ काढू नका. गूगल दोन वर्षं न वापरलेली खाती काढून टाकतं, याहूचा मेलबॉक्स बारा महिन्यांतच निष्क्रिय ठरतो.

(दृश्य: विंडोज आणि आर ही बटणं एकत्र दाबली जातात. छोटी चौकट उघडते.)

निवेदन:
मेलमध्ये काही सापडलं नाही तर जुनी हार्ड डिस्क काढा. विंडोजवर रनच्या चौकटीत ॲपडेटा हा शब्द इंग्रजीत, दोन्ही बाजूंना टक्क्याची खूण देऊन टाका. उघडलेल्या फोल्डरमध्ये ‘डॉट माइनक्राफ्ट’ असतो. मॅकवर तो लायब्ररीतल्या ॲप्लिकेशन सपोर्टमध्ये, डॉटशिवाय.

आत ‘लाँचर अकाउंट्स’ किंवा जुन्या लाँचरची ‘लाँचर प्रोफाइल्स’ नावाची जेसॉन फाइल सापडेल. नोटपॅडमध्ये उघडा. प्रोफाइलचं नाव, त्याचा यूयूआयडी (प्रत्येक खेळाडूचा वेगळा, न बदलणारा क्रमांक) आणि अनेकदा लॉगिनचा ईमेलही तिथे साध्या अक्षरांत लिहिलेला असतो. ‘लॉग्ज’ फोल्डरमध्ये ‘सेटिंग युजर’ अशी ओळ शोधा. त्या दिवशी कोणत्या नावाने खेळ झाला ते कळतं, आणि तारीख फाइलच्या नावातच असते. यातली अकाउंट्सची फाइल मात्र कुणालाही पाठवू नका. तिच्यात लॉगिनच्या किल्ल्या असू शकतात.

(दृश्य: ब्राउझरची खाजगी विंडो.)

निवेदन:
आता समजा, खातं हलवलं होतं, तरी डेमोच दिसतो. अशा वेळी बहुतेकदा लॉगिन भलत्याच मायक्रोसॉफ्ट खात्यात झालेलं असतं. विंडोज ज्या खात्याने चालतं तेच स्टोअर आणि लाँचर आपणहून उचलतात. घरातला कॉम्प्युटर भावाच्या खात्यावर असेल तर लाँचर त्याच्याच नावाने गेम शोधतो आणि अर्थातच त्याला तो सापडत नाही. ऑफिसचं किंवा शाळेचं खातं ब्राउझरमध्ये उघडं असलं तरी घोळ होतो, कारण स्थलांतर वैयक्तिक खात्यावरच होत होतं.

म्हणून लाँचरमधून पूर्ण बाहेर पडा. खाजगी विंडोत माइनक्राफ्टच्या अधिकृत साइटवर जा आणि जेवढे ईमेल आठवतात तेवढे एकेक करून तपासा. ज्या खात्याच्या पानावर जावा आवृत्ती (कॉम्प्युटरवरचा मूळ गेम) आणि तुमचं जुनं नाव दिसेल, ते तुमचं. मग लाँचरमध्ये तेच खातं जोडा. ईमेल आठवतच नसेल तर मायक्रोसॉफ्टच्या लॉगिन पानावर ‘युजरनेम विसरलो’ हा मार्ग आहे. त्यात फोन नंबर किंवा पर्यायी ईमेल दिला की कोड येतो आणि त्याला जोडलेली खाती दिसतात.

या शोधात असताना नवीन खातं उघडायचं नाही. नव्या ईमेलने नवं खातं काढलं की दोन रिकाम्या खोल्या होतात आणि सामान तिसरीतच राहतं. नवा ईमेल हवा असेल तर तो जुन्याच खात्यात एलियस, म्हणजे त्याच खात्याचं दुसरं लॉगिन नाव, म्हणून जोडा. मायक्रोसॉफ्ट एका खात्याला दहापर्यंत एलियस देतं आणि खरेदी जागची हलत नाही.

(दृश्य: लॉगिनचं पान. कोड जुन्या, बंद पडलेल्या नंबरवर जातोय.)

निवेदन:
खातं ओळखलं, पासवर्डही आठवतो, पण कोड बंद पडलेल्या सिमवर जातो. तेव्हा सुरक्षेची सगळी माहिती बदलायची विनंती करा. त्यानंतर तीस दिवसांची प्रतीक्षा असते आणि ती कुणालाही कमी करून मिळत नाही. खातं चोराच्या हाती गेलं तर मालकाला सावध व्हायला वेळ मिळावा, यासाठीच ती ठेवली आहे. त्रासदायक खरी, पण योग्य.

पासवर्डही गेला असेल तर मायक्रोसॉफ्टकडे खातं परत मागायचा रिकव्हरी फॉर्म. त्यासाठी दुसरा, चालू असलेला ईमेल लागतो, कारण उत्तर तिकडेच येतं, साधारण चोवीस तासांत. दिवसातून दोनदा फॉर्म भरता येतो. जुने पासवर्ड, पाठवलेल्या मेलचे विषय, एक्सबॉक्सची माहिती असं जे विचारतील ते नेमकं द्या. पूर्वी जिथून लॉगिन करत होता त्याच कॉम्प्युटरवरून, त्याच ठिकाणाहून भरला तर पारडं तुमच्या बाजूने झुकतं. फॉर्म अर्धा रिकामा ठेवला तर तो नाकारला जातो आणि लोक सिस्टीमला दोष देतात. मात्र टू-स्टेप व्हेरिफिकेशन, म्हणजे पासवर्डनंतर दुसरी खात्री मागणारी सोय, सुरू असेल तर हा फॉर्म उपयोगाचा नाही. मग दुसरा फोन, पर्यायी ईमेल किंवा छापून ठेवलेला रिकव्हरी कोड, एवढेच मार्ग.

मुलाच्या खात्याचं प्रकरण वेगळं. जन्मतारखेनुसार वय कमी असेल तर फॅमिली ग्रुपमधल्या मोठ्या माणसाची परवानगी लागते. गेम खात्यावर असतो, तरी ऑनलाइन खेळ अडतो. ती खरेदीची अडचण नाही, परवानगीची आहे.

(दृश्य: कॅलेंडरवर डिसेंबर २०२३.)

निवेदन:
आणि खातं हलवलंच नव्हतं तर? तर ती खरेदी परत मिळत नाही. ट्रान्झॅक्शन आयडी हातात असला तरी नाही. गेम पुन्हा विकत घ्यावा लागतो. जून २०२२ पासून पीसीवर जावा आणि बेडरॉक (फोन, कन्सोल आणि विंडोजवर चालणारी) या दोन्ही आवृत्त्या एकत्र मिळतात, एवढाच काय तो दिलासा. ‘जुनं खातं काढून देतो’ म्हणून पैसे मागणारा माणूस तुमचं खातं काढून देत नाही. तो बहुधा दुसऱ्याचं चोरलेलं खातं विकतो, आणि मूळ मालकाने तक्रार केली की तेही जातं.

फोनवर घेतलेला गेम या सगळ्या हिशेबात येत नाही. तो ज्या गूगल किंवा ॲपल खात्यावर घेतला त्याच्याशी बांधलेला असतो. अँड्रॉइड सोडून आयफोन घेतला तर मायक्रोसॉफ्ट खात्याने मित्रांची यादी येते, गेम येत नाही.

(दृश्य: इतर लाँचरच्या खुणा एकामागून एक विझतात.)

निवेदन:
असं फक्त माइनक्राफ्टचंच झालं नाही. बेथेस्डा या गेम कंपनीचा लाँचर ११ मे २०२२ ला बंद झाला आणि त्याआधी जेमतेम दोन आठवडे खरेदी स्टीम या ऑनलाइन गेम-दुकानावर न्यायची सोय सुरू झाली होती. ईए या गेम कंपनीने ओरिजिन हा आपला लाँचर काढून नवं ॲप आणलं, पण खातं तेच ठेवलं, म्हणून तिथे त्रास कमी. स्टीमवर हरवलेलं खातं परत मागताना सपोर्ट पैसे भरल्याचा पुरावा किंवा बॉक्समधल्या सीडी कीचा फोटो मागतो, त्या कीशेजारी तिकिटाचा क्रमांक हाताने लिहून. जुन्या कॉम्प्युटरवर स्टीमच्या कॉन्फिग फोल्डरमध्ये ‘लॉगिन युजर्स’ नावाची फाइल असते. तिच्यात खात्याचं नाव आणि सतरा आकडी स्टीम आयडी मिळतो.

(दृश्य: पुन्हा माइनक्राफ्ट. जुनं जग हळूहळू उलगडतं.)

निवेदन:
माइनक्राफ्टची खरेदी बुडाली तरी जावा आवृत्तीत रचलेलं जग बुडत नाही. ते खात्यात नसतंच. डॉट माइनक्राफ्टमधल्या ‘सेव्ह्ज’ फोल्डरमध्ये असतं. त्याची प्रत दुसऱ्या डिस्कवर काढा, मगच बाकीच्या खटपटी करा. बेडरॉकमध्ये अधिक जपा, तिथे ॲप काढून टाकलं की जगही जाऊ शकतं.

नव्या खात्याने जुनं जग उघडलं की घरं, बोगदे, पेट्या जागच्या जागी दिसतात. सर्व्हरवर मात्र तुम्ही रिकाम्या हाताने उतरता, कारण प्रत्येकाचं सामान ‘प्लेअरडेटा’ फोल्डरमध्ये त्याच्या यूयूआयडीच्या नावाने साठवलेलं असतं आणि नव्या खात्याचा यूयूआयडी नवा असतो. सर्व्हर बंद करून जुन्या फाइलला नव्या यूयूआयडीचं नाव दिलं की सामान परत येतं.

(दृश्य: दाराशी बसलेला पाळीव लांडगा. खेळाडू समोर येतो. लांडगा हलत नाही.)

निवेदन:
पाळलेले लांडगे आणि मांजरं मात्र नाव बघत नाहीत. त्यांच्या नोंदीत ‘ओनर’ म्हणून जुना यूयूआयडी लिहिलेला असतो. तुम्ही समोर उभे राहिलात तरी त्यांच्या लेखी परके. चीट्स (गेममध्ये कमांड वापरायची परवानगी) सुरू करा, जनावराजवळ उभे राहा आणि डेटा कमांडने त्या ओनरच्या जागी स्वतःचा यूयूआयडी भरा. १.१६ आणि पुढच्या आवृत्त्यांत हे एका ओळीत होतं.

(दृश्य: ओळ टाइप होते. एक क्लिक. लांडगा उठून मागे चालू लागतो.)