फारच व्यापारी : पीटर स्कायलर, ऑल्बनीचा पहिला महापौर

नमस्कार. निमंत्रणपत्रिकेत एक गंमत झाली आहे, ती आधी सांगून टाकतो. विषय दिला होता ‘फरचा व्यापारी आणि महापौर’. छापून आलं ‘फारच व्यापारी आणि महापौर’. दुरुस्त करा म्हणायला फोन उचललाही होता, मग ठेवून दिला. मला आज जे पटवून द्यायचंय ते छापणाऱ्याने एका काना-मात्रेच्या घोळात सांगून टाकलं होतं. गोष्ट सतराव्या शतकाच्या शेवटाची, उत्तर अमेरिकेतल्या न्यूयॉर्क वसाहतीतल्या ऑल्बनी शहराची. तिथल्या पीटर स्कायलरचं महापौरपद आणि त्याचा कातड्यांचा धंदा या दोन गोष्टी नव्हत्याच. गल्ला एकच, पाट्या दोन. तर त्या मुद्द्यावर येतोच.

त्याआधी एक जुनी तक्रार. बीव्हरला पाणमांजर म्हणणं कृपा करून थांबवा. पाणमांजर म्हणजे ऑटर. ते मासे खातं. बीव्हर साली कुरतडतो, झाडं आडवी करतो, ओढ्याला बांध घालतो. त्याला पाणमांजर म्हणणं म्हणजे पाटबंधारे खात्यातल्या इंजिनिअरला कोळी म्हणण्यासारखं आहे. आणि युरोपला त्याचं मांस नको होतं, कोटही नको होता. हवी होती टोपी. बीव्हरच्या लांब राठ केसांखाली मऊ लोकर असते. तिच्या तंतूंना बारीक आकडे असतात, ते एकमेकांत अडकून घट्ट नमदा बनतो. त्याची टोपी पावसातही आकार सोडत नाही.

आता धंद्यातली मजा बघा. सगळ्यात चढा भाव वापरलेल्या कातड्याला. तिथले मूळ रहिवासी बीव्हरच्या कातड्यांचं पांघरूण केसांची बाजू आत करून वर्ष-दीड वर्ष अंगावर वागवायचे. घासून घासून राठ केस गळून जायचे, घामाने लोकर तेलकट व्हायची, म्हणजे टोपीवाल्याचं निम्मं काम झालेलंच. हे जुनेरं घेऊन ते व्यापाऱ्याच्या दारात यायचे आणि बदल्यात काय न्यायचे? पितळेची भांडी, कुऱ्हाडी, लोकरी कापड. बोहारीण आठवली ना? तीच. फक्त इथे दोघांनाही वाटायचं की समोरचा खुळा आहे.

स्कायलर जन्मला १६५७ साली, बेव्हरवाइक नावाच्या डच वस्तीत. नावाचा अर्थच बीव्हरवाडी. बाप फिलिप आम्स्टरडॅमहून आलेला, तोही फरच्याच धंद्यात. पोरगा सात वर्षांचा असताना, १६६४ मध्ये, इंग्रजांनी वसाहत घेतली आणि बेव्हरवाइकचं ऑल्बनी झालं. पाटी बदलली, दुकानं त्याच डचांची राहिली.

आता सगळ्यांनी एक करून पाहा. ओठाला ओठ न लावता ‘पीटर’ म्हणा. मागच्या रांगेनेही. जमत नाही ना? कातडी आणणाऱ्या त्या मूळ रहिवाशांतले एक म्हणजे मोहॉक. त्यांच्या भाषेत प, फ, ब, भ, म यांतलं एकही व्यंजन नाही. ओठ मिटायचं कामच नाही. म्हणून त्यांनी पीटरचा ‘क्वीडर’ केला. ‘मोहॉक’ हे नावही शेजाऱ्यांनी ठेवलेलं, त्यांना स्वतःला ते उच्चारताच येणार नाही. ते स्वतःला कान्येन्केहाका म्हणतात. त्यांच्या दृष्टीने इंग्रज सरकार म्हणजे क्वीडर. गव्हर्नर येतात आणि जातात, क्वीडर मात्र कायम दुकानात सापडतो.

याच जोरावर त्याने १७१० मध्ये लंडनमध्ये जे केलं ते सांगितल्याशिवाय मला राहवत नाही. आदल्या वर्षी कॅनडातल्या फ्रेंचांवर चालून जायला फौज जमली होती, पण इंग्लंडहून यायचं आरमार आलंच नाही. तेव्हा हा गडी चार जणांना घेऊन थेट ॲन राणीकडे गेला. निघाले होते पाच, एक वाटेत वारला. तिघे मोहॉक, एक माहिकन या दुसऱ्या जमातीचा. लंडनने त्यांना ‘चार इंडियन राजे’ करून टाकलं. इंडियन म्हणजे आपण नव्हे, अमेरिकेतले मूळ रहिवासी. त्यांच्यातला एकही राजा नव्हता! अंगावर किरमिजी झगे, आत काळे कपडे, कारण राणीच्या नवऱ्याचं सुतक. १९ एप्रिलला दरबारात भेट झाली, व्हेरेल्स्ट नावाच्या चित्रकाराने चौघांची पूर्णाकृती चित्रं काढली. मग २४ तारखेला हेमार्केटच्या नाट्यगृहात त्यांना ‘मॅकबेथ’ला नेलं. बसवलं बॉक्समध्ये. वरच्या गॅलरीतल्या पब्लिकला ते दिसेनात, त्यांनी दंगा सुरू केला. पैसे राजे बघायला मोजलेत, मॅकबेथ रोजचाच आहे! नट बिचारे ओरडून थकले. शेवटी विल्क्स या मुख्य नटाने चार खुर्च्या चक्क रंगमंचावर मांडल्या, राजे तिथे बसले आणि खून-बिन पुढे सुरू झाले. आपल्याकडे आमदार आल्यावर नाटक थांबतं, तिथे निदान पुढे तरी गेलं.

चिठ्ठी आली. दहा मिनिटं म्हणतात. चालेल, मूळ मुद्दा छोटाच आहे.

२२ जुलै १६८६. गव्हर्नर डॉन्गनने ऑल्बनीला शहराची सनद दिली. तिच्यात खरी चीज एकच, इंडियनांशी फरच्या व्यापाराचा एकाधिकार. पंचवीसेक किलोमीटरवरच्या शेनेक्टडीच्या लोकांना दारात आलेलं कातडंही घ्यायला बंदी. पहिला महापौर स्कायलर, आणि तोही नेमलेला, निवडून आलेला नव्हे. शहराचा कारकून रॉबर्ट लिव्हिंग्स्टन, म्हणजे त्याच्या थोरल्या बहिणीचा नवरा. न्यूयॉर्कहून सनद आणायला हे दाजी-मेहुणेच गेले होते. १६९४ पर्यंत तो महापौर राहिला. पुढे इंडियनांशी बोलणी करणारे आयुक्तही ऑल्बनीचे व्यापारीच, आणि त्यांच्यात मुख्य पुन्हा क्वीडर.

याचा परिणाम बघा. १६९० मध्ये फ्रेंचांनी शेनेक्टडी जाळली, साठ माणसं मारली. पुढच्या वर्षी स्कायलर स्वतः मॉन्ट्रियलजवळच्या ला प्रेरीवर चालून गेला. म्हणजे भित्रा नव्हता. पण १७०२ नंतरच्या इंग्रज-फ्रेंच युद्धात ऑल्बनीची सीमा जवळजवळ शांत. १७०४ मध्ये मॅसॅच्युसेट्समधलं डिअरफील्ड लुटलं गेलं, शंभरावर माणसं धरून नेली, आणि त्या हल्ल्यात फ्रेंचांबरोबर जे काहनावागेचे, म्हणजे मॉन्ट्रियलजवळच्या एका गावचे, मोहॉक होते, त्याच गावचे लोक मॉन्ट्रियलचं कातडं चोरून ऑल्बनीला आणायचे. कारण इंग्लिश कापड चांगलं आणि स्वस्त. स्कायलरने न्यू इंग्लंडला, म्हणजे मॅसॅच्युसेट्स वगैरे शेजारच्या इंग्रज वसाहतींना, हल्ल्याची आगाऊ सूचना दिली होती, हेही खरं. खबर कळायची ती याच व्यापाराच्या वाटेने. वाट बंद केली तर खबरही बंद. न्यू इंग्लंडवाले याला दगाबाजी म्हणायचे. मी म्हणतो, शहराची सनदच तशी होती.

१७१९ ला तो हंगामी गव्हर्नर झाला. १७२० मध्ये नवा गव्हर्नर बर्नेट आला, त्याने स्कायलरला गव्हर्नरच्या कौन्सिलमधून काढलं आणि फ्रेंचांना इंडियन-व्यापाराचा माल विकायला बंदी घातली. दोन्ही एकाच वर्षी. हा योगायोग आहे असं ज्यांना वाटतं त्यांनी मला बाहेर भेटावं. १७२४ मध्ये स्कायलर गेला. तीन वर्षांनी ऑन्टारिओ सरोवराच्या काठी ओस्वेगोचा किल्ला उभा राहिला, आणि बरंचसं कातडं ऑल्बनीच्या वेशीच्या आत यायच्या आधीच विकलं जाऊ लागलं.

ऑल्बनीच्या शहरचिन्हावर बीव्हर अजून आहे, झाड कुरतडतोय. दुसरी चिठ्ठी आली, चहा निवतोय म्हणतात. प्रश्न तिथेच घेऊ. पाणमांजरवाल्यांनी आधी यावं.