टिम क्राबे: सायकल, बुद्धिबळ आणि सोन्याचं अंडं

नमस्कार मंडळी! तर झालं असं, माझ्या मुलीला शाळेसाठी डच पुस्तक वाचायचं होतं, तिनं शोधून शोधून सगळ्यात बारीक आणलं, डच लेखक टिम क्राबेंचं 'हेट खाउडन आय', म्हणजे सोन्याचं अंडं. जेमतेम शंभरेक पानं. माझं डच तेव्हा दुकानात बोलण्यापुरतंच, पण डिक्शनरी घेऊन मीही वाचलं आणि संपलं त्या रात्री लाइट चालू ठेवूनच झोपले.

क्राबे अ‍ॅमस्टरडॅमचे, जन्म १९४३. वडील चित्रकार. भाऊ येरून क्राबे नट, बाँडपटात पाहिला असेल तुम्ही. टिम आधी बुद्धिबळात रमले, देशातल्या पहिल्या वीसात होते, आणि मग तिशीच्या आसपास सायकल रेसिंगचं वेड लागलं. त्यातून १९७८ साली आली 'द रेनर', म्हणजे सायकल रेसर. दक्षिण फ्रान्समधली १३७ किलोमीटरची एकच रेस, बस्स, तेवढ्यात अख्खी कादंबरी!

त्यातला एक किस्सा मला फार आवडतो. आंकेतिल हा मोठा फ्रेंच रेसर, चढ आला की पाण्याची बाटली सायकलवरून काढून जर्सीच्या मागच्या खिशात ठेवायचा, असं त्याचा टीममेट सांगतो. का, तर सायकल हलकी हवी! वजन तर तेवढंच राहतं ना? पुढे क्राबे चढावरचे जुने फोटो बघतात तर प्रत्येक फोटोत बाटली सायकललाच. तरीही ते टीममेटचीच गोष्ट धरून ठेवतात, कारण रेसरचं मन त्यातच दिसतं. इथेच मला कळलं की हा माणूस कादंबरीकार का झाला.

सोन्याचं अंडं १९८४ चं. त्यावर १९८८ मध्ये जॉर्ज स्लाउझरनी 'स्पोअरलोस' हा सिनेमा काढला, पटकथा क्राबेंचीच, आणि तो बघाच. पुढे स्लाउझरनीच १९९३ साली हॉलिवूडमध्ये तोच सिनेमा पुन्हा बनवला तेव्हा शेवट गोड करून टाकला, मला अजिबात नाही पटलं, त्या गोष्टीचा जीवच शेवटात आहे.

गोष्ट एवढीच, सुट्टीला निघालेलं जोडपं फ्रान्सच्या हायवेवर पेट्रोल पंपाला थांबतं, ती काहीतरी प्यायला आणते म्हणून आत जाते आणि परत येतच नाही. पुढचं सांगत नाही. पण आजही आम्ही कारनं फ्रान्सला जाताना मुलगी म्हणाली ना, "आई, मी पाणी घेऊन येते", की मी पण तिच्याबरोबर उतरते.