पट्टी लावूनही नजर वाढत नाही, तेव्हा

आळशी डोळा म्हणजे लहानपणी नीट चित्र न मिळाल्यानं नजरेत मागे राहिलेला डोळा. तो कामाला लागावा म्हणून चांगल्या डोळ्यावर पट्टी लावतात. अशा मुलाचे पालक म्हणतात, ‘सहा महिने पट्टी लावली, काही फरक नाही.’ मग उपचारच लागू पडत नाही असं ठरवून सगळे मोकळे होतात. मी म्हणेन, आधी चष्मा तपासा.

समजा, उजव्या डोळ्याचा नंबर +1 आहे आणि डाव्याचा +4.5. मूल उजव्यानं भागवतं. डाव्याचं चित्र मेंदूकडे कायम धूसरच जातं, म्हणून तो डोळा मागे पडतो. शिवाय लहान मूल डोळ्यातलं भिंग फुगवून प्लस नंबर झाकून टाकतं. त्यामुळे भिंग सैल करणारे थेंब न घालता कॉम्प्युटरवर काढलेल्या नंबरावर विसंबू नये. सायक्लोपेंटोलेट 1 टक्का, एक थेंब, पाच-दहा मिनिटांनी दुसरा, आणि मग अर्धा-पाऊण तास थांबायचं. मूल रडलं की निम्मा थेंब गालावर जातो, हे धरूनच चाला. रेटिनोस्कोपची (डोळ्यात उजेड टाकून नंबर काढायच्या उपकरणाची) चमक सारखी बदलत असेल तर भिंग अजून सैल पडलेलं नाही. आपल्याकडच्या गडद तपकिरी डोळ्यांत हे बरेचदा होतं. मग अ‍ॅट्रोपीन 1 टक्का मलम, तांदळाच्या दाण्याएवढं, दिवसातून दोनदा, तीन दिवस. पण डॉक्टरांनी सांगितलं तरच. लावून झाल्यावर हात धुवा. ताप आला, चेहरा लालबुंद झाला किंवा मूल बरळू लागलं, तर मलम तिथंच थांबवून डॉक्टरांना गाठा. जवळचं धूसर दिसणं मात्र आठवडा-दोन आठवडे राहतं, त्याला घाबरू नका.

एक बारीक चूक तपासणाऱ्याची. रेटिनोस्कोपनं 66 सेंटिमीटरवरून पाहिलं तर आलेल्या आकड्यातून 1.5 वजा करायचे, 50 वरून पाहिलं तर 2. मूल चुळबुळ करतं, आपण नकळत पुढे सरकतो आणि वजाबाकी मात्र जुनीच करतो. झाला अर्ध्या नंबराचा घोळ.

नंबर बरोबर असेल तर नुसत्या चष्म्यानंही तीन-चार महिने नजर वाढत राहते. ती वाढ थांबली की पट्टी. मध्यम आळशीपणाला रोज दोन तास, जास्त असेल तर सहा. पट्टी चांगल्या डोळ्यावर, थेट कातडीला चिकटवायची. चष्म्याच्या काचेवर लावली की पोरं फटीतून बघतात, आणि वहीत ‘दोन तास’ लिहिलेलं असतं! त्या वेळात रंगकाम, मणी ओवणं असं जवळचं काम द्यावं.

नजर मोजतानाही फसगत होते. एकेक अक्षर दाखवलं तर मूल 6/9 (खालचा आकडा जितका मोठा, तितकी नजर कमी) वाचतं, तेच अक्षर ओळीत आलं की 6/18 वर अडकतं. आळशी डोळ्याला गर्दी सोसत नाही. म्हणून दर वेळी ओळच दाखवा, आणि चांगल्या डोळ्याचीही नजर मोजा. पट्टीच्या अतिरेकानं तोही उतरू शकतो.

एवढं सगळं नीट होऊनही फरक नसेल, तर दृष्टिपटल आणि दृष्टीची नस पुन्हा पाहायची. बारीकसा तिरळेपणा किंवा नसेचा जन्मजात दोष पहिल्या तपासणीत निसटू शकतो. सात वर्षांखाली फायदा सर्वाधिक, पण दहा-बारा वर्षांच्या मुलाला ‘आता उशीर झाला’ म्हणून परत पाठवू नका.

नजर वाढली तरी पट्टी एकदम काढायची नाही. सहा तासांवरून दोनवर आणा, काही आठवडे थांबा, मग बंद करा. साधारण चौघांतल्या एकाची नजर पुढच्या वर्षात पुन्हा खाली येते, त्यामुळे चष्मा चालूच ठेवायचा आणि तपासणीची पुढची तारीख घेऊनच बाहेर पडायचं.