उजेड, अंधार आणि काचबिंदू

(नौपाडा, ठाणे येथे ज्येष्ठ नागरिकांसमोर एका नेत्रतज्ज्ञांनी दिलेल्या व्याख्यानाचा संपादित भाग)

मंडळी, तुमच्या चिठ्ठ्या वाचल्या. बहुतेकांनी एकच विचारलंय : मोबाइलच्या उजेडाने काचबिंदू होतो का? तसा कुठलाही पुरावा नाही. भर दुपारी गॅलरीत उभं राहिलं की डोळ्यांत जेवढा उजेड जातो, त्यापुढे मोबाइलचा निळा उजेड अगदीच किरकोळ. मोबाइल बघताना पापण्या कमी मिटतात, म्हणून डोळे कोरडे पडतात, चुरचुरतात, एवढं खरं. पण काचबिंदूच्या भीतीपोटी निळा उजेड अडवणारे महागडे चष्मे घेऊ नका. काचबिंदूचा एक प्रकार असा आहे, की त्यात मला उजेडापेक्षा अंधाराची काळजी जास्त वाटते.

डोळ्याच्या आत सतत एक पाणी तयार होत असतं. बुबुळाचा रंगीत पडदा आणि पारदर्शक पटल जिथे मिळतात त्या कोनात, मोरीच्या जाळीसारख्या बारीक जाळीतून ते बाहेर जातं. जाळीतून निचरा नीट झाला नाही की दाब वाढतो आणि डोळ्याची नस खराब होऊ शकते. नस अशी खराब होणं म्हणजेच काचबिंदू. साधारण 10 ते 21 (पाऱ्याचे मिलिमीटर) हा दाब आपण नेहमीचा धरतो. काहींचा हा कोन जन्मतःच अरुंद असतो, वयानुसार डोळ्यातलं भिंग जाड होतं आणि तो आणखी आवळतो. अशी व्यक्ती गडकरी रंगायतनात नाटकाला बसली, दिवे मंदावले, की बाहुली मोठी होते आणि पडदा जाळीवर जाऊन बसतो. निचरा एकदम बंद पडला, तर दाब 50 च्या पुढेही जातो. डोळा लाल, असह्य ठणका, अर्धं डोकं दुखतंय, उलट्या होतायत, तलावपाळीच्या दिव्यांभोवती रंगीत वलयं दिसतायत. आणि घरचे म्हणतात, पित्त झालं असेल, सोडा घ्या, झोपा! कृपा करून झोपू नका. डोळा लाल होऊन उलटी होत असेल तर रात्री दोन वाजताही डोळ्यांचे डॉक्टर असलेलं रुग्णालय गाठा. काही तासांत नजर कायमची जाऊ शकते.

हा झटका बहुतेक वेळा टाळता येतो, म्हणून मी एवढं पोटतिडकीने सांगतोय. कोन अरुंद आहे का, हे आरशाची छोटी काच डोळ्याला टेकवून तपासतात. डोळा थेंबाने बधिर केलेला असतो, दुखत नाही. गरज असेल तर लेझरने पडद्याला एक बारीक भोक पाडतात. काही मिनिटांचं काम. सर्दीच्या काही गोळ्यांनीही बाहुली मोठी होते, तेव्हा कोन अरुंद असल्याचं कळलं असेल तर औषधाच्या दुकानात ते आधी सांगा.

दुसरा प्रकार मुकाट्याने येतो. कोन उघडा, दुखणं नाही, लाली नाही. डोळ्याच्या नसेत सुमारे दहा-बारा लाख तंतू असतात, ते हळूहळू मरतात आणि नजर बहुतेक वेळा बाजूने कमी होत जाते. समोरचं स्पष्ट दिसत असतं, म्हणून माणूस निर्धास्त. मोतीबिंदू काढला की नजर परत येते, इथे गेलेली नजर कुठल्याच उपायाने परत येत नाही. काहींचा तर दाबही 21 च्या आतच असतो. म्हणून नुसता दाब मोजून भागत नाही. नस बघावी लागते, बाजूच्या नजरेची चाचणी करावी लागते.

उपचारात रोजचे थेंब आलेच. खालची पापणी ओढून एकच थेंब टाका. मग डोळा मिटा आणि नाकाजवळचा कोपरा दोनेक मिनिटं हलक्या बोटाने दाबून धरा, म्हणजे औषध घशात उतरत नाही. टिमोलॉलचे थेंब चालू असतील आणि दमा असेल, तर डॉक्टरांना आधी सांगा. दुसरं औषध पाच मिनिटांनी. आणि डोळे खाजतात म्हणून स्टेरॉइडचे थेंब आपल्या मनाने महिनोन्‌महिने घालू नका, त्यांनीही दाब वाढतो.

उजेडाचा इथे उपयोगही होतो. जाळीवर लेझर मारून निचरा सुधारता येतो. ब्रिटनमधल्या एका मोठ्या अभ्यासात (2019) असा लेझर आधी केलेल्यांपैकी चारांतल्या सुमारे तिघांना तीन वर्षांनंतरही थेंब लागत नव्हते. मात्र प्रत्येक डोळ्याला हा उपाय चालतोच असं नाही.

आजार असलेल्यांना घोडबंदर रोडवर समोरच्या गाडीचे दिवे फार टोचतात आणि उन्हातून अंधाऱ्या जिन्यात आलं की पायऱ्या दिसायला वेळ लागतो. सोसायटीत जिन्याचा दिवा बंद असेल तर तक्रार करा, कंटाळू नका. रात्री गाडी चालवायची की नाही, हे नजरेची चाचणी पाहून ठरवा.

आणि ज्यांना काचबिंदू आहे त्यांनी आपल्या सख्ख्या भावंडांना फोन करावा. त्यांना धोका बराच जास्त असतो. मुलांनाही सांगा, चाळिशीनंतर एकदा पूर्ण तपासणी करून घ्या म्हणून. बाहुली मोठी करणारे थेंब घातल्यावर काही तास उजेड खुपतो, तेव्हा तपासणीला जाताना बरोबर कुणीतरी न्या. चला, आता उरलेल्या चिठ्ठ्या घेऊ.