पेन्योनच्या टेकडीवरचा पाच मे

[दृश्य : पहाट. टेकडीची चढण. खाली विमानतळाची धावपट्टी.]

मेक्सिको शहराच्या पूर्व भागात, आंतरराष्ट्रीय विमानतळाला जवळजवळ खेटून, ज्वालामुखीच्या दगडाची एक लहानशी टेकडी आहे. तिचे नाव पेन्योन दे लोस बान्योस, म्हणजे स्नानांचा खडक, कारण तिच्या पायथ्याशी गरम पाण्याचे झरे आहेत. एके काळी तेश्कोको सरोवरातले हे एक बेट होते. सरोवर आटवले गेले, शहर पसरत आले आणि बेटाच्या अंगाखांद्यावर दाटीने घरे उभी राहिली. या वस्तीतली माणसे दरवर्षी ५ मे रोजी १८६२ सालची मेक्सिको आणि फ्रान्स यांच्यातली एक लढाई पुन्हा लढतात. मूळ लढाई येथे झालेलीच नव्हती. ती झाली येथून शंभराहून अधिक किलोमीटर अंतरावर, प्वेब्ला शहराच्या वेशीवरच्या दोन टेकड्यांवर. तरीही विसाव्या शतकाच्या पूर्वार्धापासून ती आपल्या टेकडीवर आणून लढण्याचा मान या वस्तीने सोडलेला नाही.

[दृश्य : घराचे अंगण. पत्र्याच्या डब्यात काजळी. पाठमोरा तरुण, त्याच्या खांद्यांवरून फिरणारा हात.]

दिवसाची सुरुवात काजळीने होते. कोळशाची बारीक पूड तेलात कालवली जाते आणि कपाळापासून गळ्यापर्यंत, मग दंडांवर आणि पोटऱ्यांवर ती जाड थराने फासली जाते. जो हे सोंग घेतो त्याला साकापोआस्तला म्हणतात. प्वेब्ला राज्याच्या उत्तरेकडील डोंगराळ मुलखातून, ज्याला तेथे सिएर्रा नोर्ते म्हणतात, कोयते घेऊन उतरलेल्या आणि त्या लढाईत उभ्या राहिलेल्या आदिवासी सैनिकांचे ते नाव आहे. उन्हात राबून रापलेल्या डोंगरी माणसाची खूण म्हणून ही काजळी लावली जाते. अंगात जाडसर पांढरा सुती सदरा आणि तशीच विजार, डोक्यावर रुंद काठाची गवती टोपी, कमरेला कोयता आणि खांद्याला झोळी. झोळीतून भाज्यांचे देठ आणि मक्याच्या भाकऱ्यांची चवड बाहेर डोकावते. पगार आणि रसद यांचा भरवसा नसलेला सैनिक आपले जेवण घरूनच बांधून आणत असे, एवढी एक गोष्ट या झोळीवरून कोणत्याही पाठ्यपुस्तकाच्या आधीच येथील लहान मुलाला कळते.

[दृश्य : निळे डगले, लाल विजारी, पांढरी गेटर्स म्हणजे पोटरीवरची कापडी आवरणे. आरशासमोर गोंडेदार टोपी बसवणारा प्रौढ माणूस.]

पलीकडच्या गल्लीत फ्रेंच फौज तयार होत आहे. ढगळ लाल विजार, आखूड जाकीट आणि गोंड्याची टोपी हा झुआव्ह पलटणीचा पोशाख. फ्रान्सने अल्जीरिया जिंकताना तेथल्या डोंगरी टोळ्यांकडून तो उचलला होता. पुढे त्या पलटणीत प्रामुख्याने फ्रेंच शिपाईच राहिले, पण पोशाख टिकला. एका जिंकलेल्या मुलखाचे कपडे अंगावर चढवून फ्रान्सचे सैनिक दुसरा मुलूख जिंकायला आले होते, आणि आज त्या दुसऱ्या मुलखातली माणसे तेच कपडे स्वतःच्या खर्चाने शिवून घेतात. पैसा या लोकांच्या खिशातून जातो, आणि त्याची तयारी कित्येक महिने आधी सुरू होते.

[दृश्य : ठासणीच्या बंदुका. कागदाच्या पुड्या. सळईने ठासणारे हात, जवळून.]

या बंदुका ठासणीच्या आहेत. सोरा, गंधक आणि कोळसा यांची काळी दारू कागदाच्या पुडीत मोजून बांधलेली असते. ती नळीत ओतायची, वर कागदाचा बोळा घालायचा आणि सळईने दाबून बसवायचा. गोळी नसते, आवाज मात्र खऱ्या बंदुकीचा असतो. दारू जास्त झाली तर हात भाजतो, आणि तसे दरवर्षी कोणाचे ना कोणाचे भाजतात. वडीलधारी माणसे नवख्या पोरांना मोजमाप शिकवत आहेत. बंदूक भरताना नळीवर तोंड नेऊ नये, हे ती पुन्हा पुन्हा सांगतात.

[दृश्य : रस्त्यात मांडलेले टेबल. लांब डगल्यांतले तीन परदेशी सेनानी आणि काळ्या पोशाखातला मेक्सिकोचा मंत्री.]

पहिला बार उडण्यापूर्वी येथे एक करार होतो, आणि बाहेरून आलेल्या पाहुण्याला हा प्रसंग कंटाळवाणा वाटला तरी वस्तीच्या दृष्टीने तो अत्यंत आवश्यक आहे.

उदारमतवादी आणि पुराणमतवादी यांच्यातल्या तीन वर्षांच्या यादवी युद्धाने मेक्सिकोची तिजोरी रिकामी केली होती. सापोतेक आदिवासी कुटुंबात जन्मलेले उदारमतवादी राष्ट्राध्यक्ष बेनितो हुआरेस यांनी जुलै १८६१ मध्ये परकीय कर्जांची फेड दोन वर्षांसाठी थांबवली. त्यावर ३१ ऑक्टोबर रोजी ब्रिटन, स्पेन आणि फ्रान्स यांनी लंडनमध्ये करार करून वसुलीसाठी एकत्र आरमार धाडण्याचे ठरवले. फ्रान्सच्या मागण्यांमध्ये जेकर नावाच्या स्विस सावकाराच्या रोख्यांचाही समावेश होता. यादवीतल्या विरोधी सरकारने काढलेल्या या रोख्यांची दर्शनी किंमत दीड कोटी पेसो होती आणि त्या सरकारच्या हाती पडलेली रोख रक्कम तिच्या अगदी लहानशा अंशाइतकी होती. वसुली हे निमित्त होते. फ्रान्सचा सम्राट तिसऱ्या नेपोलियनला मेक्सिकोत आपल्या मर्जीतले राजसिंहासन हवे होते. अमेरिकेची संयुक्त संस्थाने तेव्हा आपल्याच यादवीत अडकलेली असल्याने त्याला अडवणारे शेजारी कोणी नव्हते. (त्याच अमेरिकी यादवीमुळे तिकडचा कापूस थांबला आणि मुंबईच्या कापूस-बाजारात पैशाचा पूर आला, हे मराठी प्रेक्षकाला आठवेल.)

व्हेराक्रूझच्या दमट किनाऱ्यावर उतरलेल्या परकीय फौजांना पिवळ्या तापाची धास्ती होती. १९ फेब्रुवारी १८६२ रोजी ला सोलेदाद येथे मंत्री मान्वेल दोब्लादो आणि स्पेनचे सेनानी जनरल प्रिम यांच्यात प्राथमिक करार झाला. मेक्सिकोने परकीय सैन्याला वरच्या थंड, निरोगी प्रदेशात तळ देऊ केला. बदल्यात बोलणी फिसकटली तर लढाई सुरू करण्याआधी ते सैन्य पुन्हा किनाऱ्याकडे उतरेल, असा शब्द घेतला. एप्रिलमध्ये फ्रान्सचा खरा हेतू उघड झाल्यावर स्पेन आणि ब्रिटन आपापली सैन्ये घेऊन परतले. फ्रेंच सेनापती लोरेन्से मात्र दिलेला शब्द मोडून थेट राजधानीच्या वाटेला लागला. टेबलावरच्या कागदावर सह्या होताना गर्दी शांतपणे पाहत उभी आहे, कारण हा शब्द मोडला जाणार आहे हे येथे प्रत्येकाला ठाऊक आहे.

[दृश्य : झगे घातलेले मिशीवाले पुरुष, पाठीवर टोपल्या, एकाच्या कडेवर कापडी बाहुली.]

फौजेच्या मागून चाललेल्या या बायका म्हणजे बायकांचे सोंग घेतलेले पुरुष आहेत. अलीकडे वस्तीतल्या स्त्रियाही या खेळात स्वतः उतरतात, पण जुनी रीतही चालू आहे. दाणे दळणे, भाकऱ्या थापणे, जखमा बांधणे आणि कूच झाल्यावर सगळा संसार पाठीवर घेणे, ही कामे त्या काळच्या सैन्यात स्त्रिया करत. ६ मार्च १८६२ रोजी, लढाईच्या दोन महिने आधी, सान आन्द्रेस चालचिकोमुला येथे ओआहाका प्रांतातून आलेली ब्रिगेड ज्या इमारतीत मुक्कामाला होती, तेथल्या दारूसाठ्याचा स्फोट झाला. हजाराहून अधिक सैनिक आणि त्यांच्याबरोबरच्या शेकडो स्त्रिया एकाच रात्री गेल्या. प्वेब्लाच्या संरक्षणासाठी जमवलेल्या फौजेला एकही गोळी झाडण्याआधी बसलेला हा घाव होता. पुतळ्यांच्या रांगेत या स्त्रियांना आम्हाला जागा दिसली नाही. या मिरवणुकीत, कडेवरच्या बाहुलीसह, ती आहे.

[दृश्य : अरुंद गल्लीत समोरासमोर दोन फौजा. पहिला बार. धूर.]

सेनापती इग्नासिओ सारागोसा यांचे वय तेव्हा तेहतीस होते. त्यांचा जन्म आज टेक्सासमध्ये असलेल्या, पण त्या वेळी मेक्सिकोच्या ताब्यातल्या एका ठाण्यावर झाला होता; त्यांची पत्नी त्याच जानेवारीत वारली होती. चार-पाच हजारांचे सैन्य हाताशी होते आणि त्यातल्या अनेकांजवळ युरोपने मोडीत काढलेल्या बंदुका होत्या. समोर सुमारे सहा हजारांची फ्रेंच फौज होती. तिच्या सेनापतीने आठवडाभर आधी पॅरिसला कळवले होते, की वंश, संघटन आणि शिस्त या बाबतीत आपण मेक्सिकन लोकांपेक्षा इतके श्रेष्ठ आहोत की या सहा हजार सैनिकांच्या बळावर आपण आताच मेक्सिकोचे धनी झालो आहोत. सारागोसा यांनी आपल्या सैनिकांना सांगितले, की शत्रू जगातले पहिले सैनिक असतील, पण तुम्ही मेक्सिकोची पहिली लेकरे आहात.

[दृश्य : टेकडीची चढण. वरून कोयते घेऊन धावत उतरणारे साकापोआस्तला. धुरातून खाली कोसळणारे लाल विजारीवाले.]

प्वेब्लाच्या उत्तरेला ग्वादालुपे आणि लोरेतो हे दोन लहान किल्ले आहेत. दोन्ही ठिकाणी आधी मेरीमातेची देवळे होती आणि त्यांच्याभोवती पुढे तटबंदी चढली. शहराच्या दक्षिण बाजूने जावे, असा सल्ला फ्रेंचांना त्यांच्या मेक्सिकन साथीदारांनी दिला होता. लोरेन्सेने तो मानला नाही आणि सरळ चढणीवरून ग्वादालुपेवर हल्ला चढवला. तोफा फार लांबून डागल्याने तटाला त्यांचा फारसा धक्का लागला नाही, आणि मग झुआव्हांनी पायी चढाई केली. जनरल नेग्रेते यांच्या हाताखाली दोन्ही किल्ले होते. यादवीत ते विरुद्ध पक्षाकडून लढले होते आणि परकीय उतरताच हुआरेस यांच्या बाजूला आले होते. चढणीच्या पायथ्याशी झुआव्हांना प्रथम भिडली ती प्वेब्ला नॅशनल गार्ड या नागरी सैन्याची सहावी पलटण, सिएर्रातल्या नाहुआ आदिवासी शेतकऱ्यांची. एकामागून एक तीन हल्ले परतवले गेले. दुपारनंतर गारांसह मुसळधार पाऊस आला, चढण निसरडी झाली आणि फ्रेंच मागे हटले. उजव्या बगलेवरून तरुण सेनानी पोर्फिरिओ दियास यांनी त्यांचा पाठलाग केला. सारागोसा यांनी राजधानीला तार पाठवली : राष्ट्राच्या शस्त्रांनी कीर्तीचे वस्त्र पांघरले आहे.

पेन्योनवर पाऊस पडत नाही. येथे धूळ आणि धूर आहे, आणि मध्येच एखादे विमान बंदुकांच्या आवाजावर आवाज करत टेकडीवरून निघून जाते.

[दृश्य : प्वेब्ला. रुंद रस्त्यावरचे संचलन, शाळांची बँडपथके, सारागोसा यांचा अश्वारूढ पुतळा.]

प्वेब्लामध्ये हा दिवस सरकारी इतमामाने साजरा होतो. लढाईनंतर चारच दिवसांनी हुआरेस यांनी ५ मे हा राष्ट्रीय दिन ठरवला. त्याच वर्षी ८ सप्टेंबरला सारागोसा तापाने वारले आणि शहराच्या नावाला त्यांचे नाव जोडले गेले. १९७६ मध्ये त्यांच्या अस्थी राजधानीतून किल्ल्यांजवळच्या स्मारकात आणल्या गेल्या. लोरेतोच्या किल्ल्यात परकीय हस्तक्षेपाच्या विरोधाचे संग्रहालय आहे. संचलन शिस्तबद्ध आहे आणि मुलांची पावले अचूक पडतात. तरीही आम्ही तेथे जे चित्रित केले त्यापेक्षा पेन्योनच्या गल्ल्यांत कितीतरी अधिक काळ थांबलो, आणि त्याचे कारण सांगणे भाग आहे.

[दृश्य : सिएर्रा नोर्ते. धुके, मक्याची शेते, दगडी कमानीचे देऊळ.]

ब्राँझमध्ये सेनापती उभे आहेत. डोंगरातून आलेल्यांचे नावसुद्धा धड नोंदले गेले नाही. साकापोआस्तला हे एका गावाचे नाव आहे, आणि ते गाव त्या काळात मोठ्या प्रमाणावर विरुद्ध पक्षाचे होते. सहाव्या पलटणीतले बहुतेक सैनिक तेतेला आणि शोचिआपुल्को या शेजारच्या गावांचे होते. हुआन मेन्देस, हुआन बोनिया आणि हुआन फ्रान्सिस्को लुकास या डोंगरातल्या तीन हुआनांनी त्या भागात नॅशनल गार्ड उभे केले. त्यातले लुकास नाहुआ होते. शोचिआपुल्कोच्या मुख्य वस्तीला पुढे पाच मे हेच नाव मिळाले. तेतेलाचे लोक आजही आपला मान मागतात आणि ती मागणी न्याय्य आहे, असे आम्हाला वाटते. जमीनदारांच्या वेठीला कंटाळलेल्या, स्वतःच्या गावाची जमीन आणि कारभार मागणाऱ्या शेतकऱ्यांनी ही लढाई लढली, हे लक्षात घेतले की ते इतक्या लांब का आले याचा उलगडा होतो. प्वेब्लाजवळच्या उएहोत्सिंगो गावात दर वर्षी कार्निव्हलच्या दिवसांत हजारो माणसे चामड्याचे दाढीवाले मुखवटे लावून याच पलटणींची सोंगे घेतात, तेव्हा तेथेही सर्वांत जास्त टाळ्या डोंगरातून आलेल्यांनाच पडतात.

[दृश्य : तुटके तट. संग्रहालयातल्या काचेमागच्या बंदुका.]

पुढच्या वर्षी फ्रान्सने मोठी कुमक पाठवली. दोन महिन्यांच्या वेढ्यानंतर १७ मे १८६३ रोजी प्वेब्ला पडले, राजधानी गेली, ऑस्ट्रियाचा राजपुत्र मॅक्सिमिलियन फ्रान्सच्या पाठिंब्याने सम्राट म्हणून आला, आणि १९ जून १८६७ रोजी केरेतारो येथे त्याला गोळ्या घालून प्रजासत्ताक पुन्हा उभे राहिले. कॅलिफोर्नियातल्या मेक्सिकन लोकांनी १८६२ पासूनच हा दिवस पाळला. पुढे अमेरिकेत बीअर कंपन्यांनी त्याचा बाजार केला.

[दृश्य : संध्याकाळ. टेकडीवरून उतरणारी रांग. अंगणातला नळ.]

शेवटचा हल्ला टेकडीच्या माथ्यावर होतो आणि दरवर्षीप्रमाणे फ्रेंच हरतात. हरलेले आणि जिंकलेले एकाच वाटेने खाली येतात. गल्लीत मोठ्या पातेल्यांतून भात आणि मटण वाढले जात आहे. सकाळी ज्याच्या खांद्यावर काजळी फासली गेली तो तरुण आता नळाखाली वाकला आहे, आणि त्याचा लहान भाऊ शेजारी उभा राहून, अजून काळ्या असलेल्या आपल्या हातांकडे पाहत, पाळीची वाट पाहतो आहे.